चार आणि आठ

शरम काय असते ते मले साठाव्या वर्षी कळलं. त्याच्या आधी मी दुसऱ्यायले शरम आणणारा माणूस होतो. तलमडुगूच्या मराठी शाळेत एकतीस वर्षं गणित शिकवलं, अन् गणितापेक्षा जास्त लोकायले झापलं. कोणी पोराच्या दंडाले ताईत बांधला की भर वर्गात सोडायले लावत होतो. कोणी अमावस्येपायी घराचं काम थांबवलं की त्याच्या दारात जाऊन, सिमेंटले तिथी समजते काय रे बाबा, असं विचारत होतो. दौलत सरासमोर मुहूर्ताचं नाव काढायचं नाही, हे सगळ्या मंडलात, म्हणजे आमच्या तालुक्यात, ठरून गेलं होतं. मले ते आवडतही होतं, खोटं काऊन बोलू.

घरात आमी चौघं. मी, बायको चंद्रभागा, पोरगी दीक्षा अन् माझी धाकटी बहीण भागाबाई. दीक्षा आदिलाबादच्या एका दवाखान्यात नर्स आहे. भागाचा नवरा शाळेत चपराशी होता, लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी तापानं गेला. भागा तेव्हा तेवीस वर्षांची होती. सासूनं तिले पांढऱ्या पायाची ठरवलं, पोरीनं नवरा खाल्ला म्हणून गावभर केलं. मी गेलो, त्या बाईले अंगणात उभं करून तापाचा अन् पायाचा संबंध काय ते चार लोकांसमोर विचारलं, अन् बहिणीले घेऊन आलो. तेव्हापासून ती आमच्याकडेच आहे.

मागच्या हिवाळ्यात आमच्या विहाराच्या वाचनालयात माझं भाषण ठेवलं. भिवाजी कमिटीचा अध्यक्ष, माझाच जुना विद्यार्थी. विषय मी निवडला, पुस्तकातलं नशीब आणि आकडे. मोठ्या उत्साहानं पुस्तकं जमवली. एका कादंबरीत जुगारी होता, त्याले सारखं वाटे की पुढचा डाव आपलाच. एका गोष्टीत लॉटरी लागते अन् त्याच दिवसापासून घर मोडायले लागते. लहान पोरांच्या पुस्तकात राजाचा सातवा पोरगाच हुशार निघते, सहाव्यानं काय घोडं मारलं कोण जाणे. कॉलेजच्या संख्याशास्त्राच्या पुस्तकात तेच नशीब सूत्रात बसवलेलं. अन् रद्दीतून आणलेलं अंकशास्त्राचं एक पातळ पुस्तक, पिवळ्या कव्हरचं. भाषणात त्याचीच चामडी सोलायची होती मले.

त्याच वेळेस दीक्षाले स्थळ आलं होतं. इंद्रवेल्लीचा हर्षदीप, नागोरावचा पोरगा. बाप आयुष्यभर दुसऱ्याच्या वावरात राबला अन् पोराले शिकवलं. पोरगा सरकारी ऑफिसात ज्युनियर असिस्टंट, शांत, डोळ्यात डोळे घालून बोलणारा. दोघं फोनवर बोलत होती. दीक्षा घरात गुणगुणून राह्यली होती. साक्षगंधाची तारीख तेवढी काढायची बाकी होती.

एका दुपारी मी ते पिवळं पुस्तक घेऊन बसलो. जन्मतारखेचे आकडे मिळवायचे, येईल तो मूलांक. टिंगल करायची म्हणून वहीत मांडत गेलो. माझा पाच आला. पुस्तक म्हणे, हट्टी अन् वाचाळ. चंद्रभागा म्हणाली, बाकी काही असो, इथं पुस्तक चुकलं नाही. मी हसलो. मग दीक्षाची तारीख तेरा, म्हणजे चार. हर्षदीपची सव्वीस, म्हणजे आठ. पुढं लिहिलं होतं, बायको चार अन् नवरा आठ असला तर त्या घरात नवरा टिकत नाही. तेही हसण्यावारी नेलं. मग हातानं आपणहून भागाची तारीख लिहिली. बावीस, म्हणजे चार. तिच्या नवऱ्याची सतरा. म्हणजे आठ. त्यापुढं मी लिहिलं, मृत्यू, दुसऱ्या वर्षी. अन् पेन थांबला.

अरे, ह्या तारखा शाळेच्या रजिस्टरातल्या. गुरुजी लोक कशा टाकतात ते मले माहीत नाही काय? मी स्वतः जून महिन्यात शंभरावर पोरांच्या तारखा अंदाजानं टाकल्या आहेत. आई म्हणे, ज्वारी कापाच्या टायमाले झाला, की टाक एखादी तारीख. भागाचीही तशीच टाकली असेल. सगळं समजत होतं. तरी ती बेरीज मी तीनदा करून पाह्यली. दीक्षा पाणी भरत होती अन् मले तिच्या जागी भागा दिसून राह्यली होती. आठ दिवस अन्न गोड लागलं नाही. नवव्या दिवशी मी नागोरावले फोन करून सांगितलं की आमचं जमत नाही.

आता घरी काय सांगायचं? दुसऱ्या कोण्या घरात बापानं पत्रिका जुळली नाही म्हटलं असतं अन् पोरगा सहीसलामत सुटला असता. आमच्या घरात पत्रिकाच नाही. बाबासाहेबांच्या फोटोखाली बसून मी मूलांक कोणत्या तोंडानं सांगू? नाही म्हणायचं तर पोरातच खोट पाह्यजे. डोक्यात आकडे घुमत होते, म्हणून तोंडातही तेच आलं. म्हटलं, पोरगा आकडा लावतो म्हणे, मटक्याचा. कोणी सांगितलं, असं दीक्षानं विचारलं. आहे एक खात्रीचा माणूस, म्हटलं. ती दोन दिवस जेवली नाही, तिसऱ्या दिवशी ड्युटीवर गेली. पुढं भिवाजीनं विचारलं, त्यालेही मी तेच सांगितलं. दुसऱ्यांदा सांगताना जीभ अडखळलीसुद्धा नाही.

दौलत सर बोलले म्हणजे झालं. दोन महिन्यांत ते आदिलाबादपर्यंत गेलं. हर्षदीपचं दुसरं स्थळ ऐन साक्षगंधावर आलेलं मोडलं. ऑफिसातले लोक सकाळी त्याले विचारत, साहेब, आज कोणता आकडा? हे मले नंतर कळलं. आधी मी मजेत भाषणाची टिपणं काढत होतो.

भाषण रविवारी होतं. गुरुवारी नागोराव आमच्या दारात आला. खुर्चीच्या कडेवर बसला. दीक्षानं चहा दिला, तो तसाच हातात धरून म्हणाला, "सर, तुमी खोटं बोलनार नाही. म्या पोराले मारलं. एकोनतीस वर्साचा पोरगा, म्या त्याले चपलीनं मारलं. तरी तो नाहीच म्हनून राह्यला. तुमाले ज्यानं सांगतलं त्याचं नाव द्या, म्हंजे पोराच्या समोर ठेवतो अन् त्याले सुधरवतो."

भांडायले आला असता तर मी भांडलो असतो. तो तर विश्वासानं आला होता. जमीन फाटून गिळेल तर बरं, असं झालं मले. रविवारी विहारात या, पोरालेही आणा, तिथं सांगतो, एवढं कसंबसं बोललो. तो जय भीम करून गेला.

दीक्षा दारातच उभी होती. नाव कोणाचं, तिनं विचारलं. मी वही उघडून तिच्यापुढं धरली. तिनं ते पान शेवटपर्यंत वाचलं. म्हणाली, हे सगळं तिथं बोलायचं, सगळ्यांसमोर. मी हो म्हटलं. मग तिनं आवाज खाली घेतला. पान मात्र कोणाले दाखवू नका बाबा, आत्याचं नाव आहे त्याच्यात. तेही खरं होतं. पान फाडायले पाह्यजे होतं. पण पाठीमागं भाषणाची टिपणं होती, म्हणून फाडलं नाही.

रविवारी वंदना झाली. चाळीसेक माणसं होती. भागा बायांमध्ये पहिल्या रांगेत बसली, भावाचं भाषण म्हणून धुतलेलं लुगडं नेसून. नागोराव अन् हर्षदीप मागं दाराजवळ बसले. मी जुगाऱ्यापासून सुरुवात केली, लॉटरीचं सांगितलं, लोक हसले. मग वही मिटली. मी सांगून टाकलं. की ह्या पोरात काही खोट नाही, मी अंकशास्त्राच्या पुस्तकाले भ्यालो, आकडा मी पाह्यला अन् नाव त्याचं लावलं, खात्रीचा माणूस कोणीच नव्हता.

मग भिवाजी हसत उठला. म्हणाला, पाहा, याले म्हणतात मन. एका पोराचं आयुष्य सावरायले सर स्वतःवर घेऊन राह्यले. दौलत सर अन् अंकशास्त्र, कोणाले पटेल काय? अन् लोकांनी टाळ्या वाजवल्या. खरंच वाजवल्या. मी परत परत सांगितलं, तसे ते अजून कौतुकानं पाहू लागले. मागून नागोराव हात जोडून म्हणाला, सर, आमच्यासाठी तुमी खोटं नका बोलू.

हर्षदीप उठला अन् दाराबाहेर जाऊन चप्पल घालू लागला. तो तसाच गेला असता तर जन्मभर मटकेवालाच राह्यला असता, अन् मी मोठ्या मनाचा. मी दीक्षाकडे पाह्यलं. ती आत्याकडे पाहून राह्यली होती. मी हर्षदीपले थांब म्हटलं, वहीचं पान उघडलं अन् भिवाजीच्या हातात दिलं.

माझं अक्षर तिथल्या अर्ध्या लोकांनी फळ्यावरून उतरवलेलं होतं. भिवाजीनं वाचलं अन् त्याचं हसू गेलं. त्यानं वही पुढं दिली. एकानं वाचायचं, माझ्याकडे पाहायचं, अन् शेजाऱ्याले द्यायची, असं चाललं. हर्षदीप दारात उभा राहून वाचत होता. मग त्यानं बापाच्या कानाशी बोलून त्याले समजावलं, कारण नागोरावले वाचता येत नाही. नागोरावनं पोराच्या पाठीवर हात ठेवला अन् दोघं निघून गेले. माझ्याकडे दोघांनीही पाह्यलं नाही. पाहावं असं होतंही काय.

पोरावरचा डाग पुसला गेला, हे दोन घटकांचंच समाधान होतं. वही दाराकडून बायांच्या बाजूनं परत येऊ लागली. मी घाईनं घ्यायले गेलो. उशीर झाला.

भागा तिसरीपर्यंत शिकली आहे. बोट ठेवून हळूहळू वाचते. तिनं आपलं नाव वाचलं. मग नवऱ्याचं. बत्तीस वर्षांत ते नाव आमच्या घरात कोणी घेतलं नव्हतं. बोट चारवर गेलं, आठवर गेलं, पुढच्या तीन शब्दांवर थांबलं. तिनं मान वर केली.

"दादा, मंग सासू खरं म्हनत होती?"

"नाही भागा. साफ खोटं होतं ते."

"मंग तू लिवलं काऊन?"