माझ्या दारावरची चार भोकं

मी एक जुना फ्रीज आहे. एका दाराचा, आकाशी रंगाचा, तुमच्या आईच्या खांद्याला लागेन एवढा. मित्रांनो, फ्रीजला राग येत नाही असं तुम्हाला वाटत असेल. मला येतो, आणि माझ्यात ठेवलेली कोणतीही गोष्ट लवकर नासत नाही.

एका बसचालकाने मला दुकानातून निवडलं. त्याची मुलगी नर्स होती. लग्नानंतर मी तिच्याबरोबर सासरी गेलो. सासूबाईंनी पहिल्याच दिवशी माझं दार उघडलं आणि विचारलं, "हा फ्रीज की औषधाचं कपाट?" सगळे हसले. तिलाही हसावं लागलं.

त्यांना दोन दारांचा मोठा फ्रीज हवा होता. वर्षभर रोज तोच विषय. शेवटी तिने सांगितलं, मी बाबांकडे काही मागणार नाही. त्याच आठवड्यात कुलूपवाला आला. त्याने माझ्या अंगाला चार भोकं पाडून कडी-कोयंडा बसवला. लहान मुलं दार उघडतात का, असं त्याने सहज विचारलं. सासूबाई म्हणाल्या, "लहान कसली, चांगली घोडी आहे."

किल्ली त्यांच्या कमरेला गेली. सुनेला त्यांनी एवढंच सांगितलं, "मोठा फ्रीज आण, किल्ली घे."

ती बारा तासांची पाळी करून यायची. माझ्या पोटात भात असायचा, दूध असायचं. ती माझ्या दाराला टेकून पाणी प्यायची आणि झोपायला जायची. तिच्या वाढदिवसाला नवऱ्याने केक आणला, सगळ्यांचा फोटो काढला. उरलेला केक माझ्यात ठेवला आणि कुलूप लावलं. त्या दिवशी मी डूख धरला.

पुढे तिने पोलिसांत तक्रार केली. पोलीस तिचं सामान न्यायला येणार हे कळताच सासरच्यांनी कडी-कोयंडा काढला, भोकं बुजवली आणि वर फुलांचं स्टिकर चिकटवलं. कुलूप कधी नव्हतंच, असं सासूबाईंनी शपथेवर सांगितलं. मी तिच्या माहेरी आलो. मग नवरा, सासू आणि नणंद वरच्या कोर्टात गेले. आरोप मोघम आहेत, कोणी कधी काय केलं याचा पत्ता नाही, म्हणून गुन्हाच रद्द करा, असा त्यांचा अर्ज होता. तो मंजूर झाला असता तर खटला उभाच राहिला नसता, आणि ती खोटी ठरली असती.

सुनावणीहून परतल्यावर ती माझ्यासमोर बसून आईला सगळं सांगत होती. सून किती सुखात होती हे दाखवायला त्यांनी अर्जासोबत वाढदिवसाचा फोटो जोडला होता. केक, टाळ्या, सगळ्यांची हसरी तोंडं. आणि मागे मी, कुलपासकट. रोज पाहून पाहून त्यांना ते दिसेनासं झालं होतं. न्यायमूर्तींनी फोटो जवळ धरून त्यांच्या वकिलाला विचारलं, "स्वयंपाकघरातल्या फ्रीजला कुलूप कशासाठी?"

वकिलाने अशिलाकडे पाहिलं. अशिलाने, म्हणजे नवऱ्याने, आपल्या आईकडे पाहिलं. आई कमर चाचपत होती.

नणंदेवरचा गुन्हा रद्द झाला. ती दूर राहायची, माझ्या दाराला तिचा हात कधी लागला नव्हता. ते मला मान्य आहे. नवरा आणि सासूवर मात्र खटला चालणार आहे. हे ऐकलं तेव्हा माझा कॉम्प्रेसर असा घरघरला की तिची आई दचकली.

दुसऱ्या दिवशी बाबांनी स्टिकर खरवडलं. आतली पुट्टी भुरभुरून पडली. रंगाचा डबा घेऊन ते बसले, तेव्हा ती म्हणाली, "राहू द्या, बाबा. साक्ष व्हायची आहे अजून."

मित्रांनो, घरातल्या जुन्या वस्तूंची काळजी घ्या. माझ्या दाराचं रबर सैल झालंय, ते बदला. मागची जाळी पुसत जा. मला अजून बरीच वर्षं चालू राहायचंय. पण भोकं बुजवू नका. कोर्टाचा जिना चढवायला चार माणसं लागतील, आणि मी तयार आहे.