रांगबाई

व्हिसाच्या खिडकीवर बसणाऱ्या बाईंना आम्ही पाठीमागे रांगबाई म्हणायचो. मंत्र्याचा मेहुणा आला तरी चष्म्यावरून बघून त्या म्हणायच्या, "मागे उभे राहा." मी त्याच परदेशी दूतावासाचा ड्रायव्हर, पण माझ्या सख्ख्या भावालाही त्यांनी उन्हात ताटकळत ठेवलं होतं. तो राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

सरकारविरुद्ध शहर पेटलं आणि बाईंची लेकच अडचणीत आली. ती नर्स. मोर्चातल्या जखमी पोरांना तिनं टाके घातले, म्हणून पोलीस दवाखान्यात येऊन तिची चौकशी करून गेले. आता देश सोडण्यावाचून गत्यंतर नव्हतं. मी बाईंना म्हटलं, "पासपोर्ट सरळ व्हिसा देणाऱ्या साहेबांच्या हातात द्या. लगेच शिक्का मारतील."

"बाकीच्याही कुणाच्या तरी लेकीच आहेत," त्या म्हणाल्या. लेकीला रांगेत उभं करून त्यांनी खिडकीतूनच पासपोर्ट घेतला आणि ढिगात सगळ्यात खाली ठेवला. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

मग एका सकाळी साहेबांच्या देशातून हुकूम आला: दूतावास बंद करा, आजच निघा. रस्ते अडवलेले, त्यामुळे बाई उशिरा पोचल्या. तळघरात कागद कापायचं यंत्र घरघरत होतं आणि आमचे साहेब बाह्या सरसावून त्यात पासपोर्ट घालत होते.

"खिडकीवरचे?" बाईंनी विचारलं.

"सगळे. पोलिसांच्या हाती लागले असते, तर एकेकाला घरातून उचललं असतं."

"त्यात माझी लेक होती."

साहेबांनी यंत्र बंद केलं. "अहो, मग आधी बोलायचं नाही का? सासरचं नाव, मला कसं कळणार? त्याच दिवशी देऊन टाकला असता."

बाई चष्मा काढून पदराने पुसत राहिल्या. विमानात जागा फक्त साहेबांच्या देशवासीयांना होती, आणि साहेबही मान खाली घालून जिना चढले. भला माणूस, पण काय उपयोग!

साहेबांना विमानतळावर सोडायला मी गाडी काढली. फाटक उघडताच लोक काचांवर थापा मारू लागले. भिंतीला लागून मात्र एक रांग अजून उभी होती. बाई गाडीमागून चालत फाटकाबाहेर आल्या तशी त्यांच्या लेकीनं रांगेतूनच हात वर केला.

"आई, मी जागा सोडली नाही हं. आता थोडेच जण आहेत माझ्यापुढे."