तीन बोटं खाली

ती अंगानं बुटकी आणि शिंप्याचं घर सगळं उंच माणसांचं. शिंपी स्वतः ताडमाड, त्याची वारलेली पहिली बायकोही तशीच. त्यामुळे खुंट्या उंच, फळ्या उंच, आणि बाथरूममधलं भिंतीवरचं बेसिन तर असं, की तोंड धुवायला हात वर करावेत आणि पाणी मनगटावरून थेट कोपरापर्यंत यावं. रोज सकाळी दोन्ही बाह्या ओल्याचिंब. पण बोलेल तर शपथ. उतारवयात लग्न करून आलेल्या बाईनं आल्याआल्या घराला नावं ठेवू नयेत, हे तिचं तिनंच ठरवलेलं. कुणी काही विचारलं की उत्तर एकच, "चालेल मला."

चालत कसलं डोंबल! पलंगाखाली तिची कपड्यांनी भरलेली पिशवी होती, ती आल्या दिवसापासून रिकामी झाली नव्हती. ताई दर फोनला सांगायची, "नाही जमलं तर सरळ निघून ये गं. तुझी खोली तशीच ठेवलीय." नवरा तिला मनापासून आवडला होता, त्यात खोट नाही. पण आपण इथं पाहुण्या की घरच्या, तेवढंच काही केल्या कळेना. हल्ली झाडू मारताना त्या पिशवीशी हात जरा जास्तच वेळ थांबायचा.

त्या दिवशी ती बाजारातून परतली तर बाथरूममध्ये हा धुरळा. जुनं बेसिन जमिनीवर आडवं, प्लंबर ड्रिल घेऊन उभा, आणि शिंपी गळ्यात टेप अडकवून त्याच्यावर मुकादमगिरी करतोय.

"अहो, हे काय काढलंत?"

"नवीन बेसिन. जुन्याला चीर होती ना," शिंपी म्हणाला. चीर ती लग्न होऊन आली तेव्हाही होती. तेव्हा नाही कुणाला सुचलं ते.

"काकू, तुम्हीच समजवा यांना," प्लंबर म्हणाला. "जुन्याच भोकांवर लावलं असतं तर केव्हाच सुटलो असतो. काका ऐकायलाच तयार नाहीत, म्हणे खाली घ्या. पाइप कापला, नळी बदलली, नवी भोकं पाडली."

"खाली कशाला?" तिनं विचारलं.

"तुझ्या मापाचं करायचं म्हणून," शिंपी पुटपुटला. "तुझं माप मला तोंडपाठ आहे."

असणारच. विकत घेतलेला कुठलाही कपडा तिला लांब व्हायचा. तो आखूड करून घ्यायला ती याच्या दुकानात जायची, आणि आखूड करता करताच दोघांचं जमलं. म्हणजे ओल्या बाह्या याला दिसत होत्या तर. जन्म कपड्यांत गेलेल्या माणसाला नाही दिसणार तर कुणाला!

प्लंबरनं नवं बेसिन बोल्टवर टेकवलं. "या काकू, उभ्या राहून बघा."

गडबडीत पायातच राहिलेल्या सँडल तिनं बाथरूमच्या दारात काढल्या, आत गेली आणि हात पुढे केले. मनगटं अजूनही वरच. शिंप्यानं तिच्या पावलांकडे पाहिलं, मग दारातल्या उंच टाचांकडे, आणि कपाळावर हात मारला.

"दुकानात तू कायम सँडल घालून यायचीस की गं. मापं सगळी टाचांसकट घेतलीत मी."

"तीन बोटांचा तर फरक," प्लंबर घाईनं म्हणाला. "चालेल ना काकू? परत भोकं पाडायची तर भोकाजवळ भोक येणार. टाइल तडकली तर मला बोलायचं नाही."

चालेल हा शब्द तिच्या जिभेवर येऊनच बसला होता. नवऱ्यानं एवढा घाट घातलाय, त्यावर आपण खोड काढायची? पण आज गिळलं तर जन्मभर गिळत राहू आणि ती पिशवी काही पलंगाखालून निघायची नाही, हे तिला लख्ख कळलं.

"नाही चालणार," ती म्हणाली. "तीन बोटं खाली घ्या."

आवाज जरा मोठाच निघाला. तिनं भीतभीत नवऱ्याकडे पाहिलं. त्याचा चेहरा नुसता खुलला होता.

"ऐकलंस ना रे?" तो प्लंबरला म्हणाला. "घे खाली."

प्लंबरनं जीव मुठीत धरून ड्रिल चालवलं. टाइलचा एक टवका उडाला, पण तो बेसिनमागे झाकला गेला. नळ सोडून तिनं तोंड धुतलं. कोपरापर्यंत एक थेंब आला नाही. खात्री करायला तिनं पुन्हा धुतलं. मग शिंपी तोंड धुवायला वाकला, आणि वाकता वाकता कण्हला.

"अहो, तुमची कंबर जाईल."

"जाऊ दे. वाकायची सवय करतो आता."

तोंड पुसत तिनं वर पाहिलं. आरशात नुसतं कपाळ. "ड्रिल आवरू नका," ती प्लंबरला म्हणाली, "आरसाही खाली घ्यायचाय. आणि खुंट्या."

"काकूंना आता कंठ फुटला," प्लंबर हसत म्हणाला.

सगळं झाल्यावर टाइलचा चुरा आणि पाइपचे तुकडे न्यायला त्यानं एखादी पिशवी मागितली. शिंपी स्वयंपाकघरात शोधत राहिला. ती तडक खोलीत गेली, पलंगाखालची पिशवी ओढली, कपडे गादीवर ओतले आणि रिकामी पिशवी घेऊन आली.

शिंप्यानं ती बघताक्षणी ओळखली. इतके दिवस त्यानंही त्या पिशवीबद्दल चकार शब्द काढला नव्हता.

"ही कशाला देतेस?" तो हळूच म्हणाला. "लागली म्हणजे?"

"मला कुठं जायचंय?" ती म्हणाली, आणि तिनं पिशवीचं तोंड प्लंबरपुढे उघडून धरलं.