खडूची तारीख

ओंद्रेयनं कोळशानं काळ्या पडलेल्या कोटावर पदक लावलं, खिशातून खडू काढला आणि तीन नंबरच्या बोगद्याच्या तोंडाशी फोरमन प्रिचर्डसमोर धरला.

"लिहा साहेब. पण आधी आत जाऊन या."

आम्ही चाळीस जण जेवणाचे डबे धरून मागं उभे. खाणीचा नियमच तो. फोरमननं सकाळी बोगद्याच्या शेवटापर्यंत जायचं, दिवा खाली धरून, विझत नाही ना बघून, हवा तपासायची, आणि बाहेर येऊन खांबावर खडूनं तारीख घालायची. तारीख दिसली की आम्ही आत.

दोन वर्षांपूर्वी त्याच खांबावर प्रिचर्डनं तारीख घातली, नऊ मार्च, आणि ओंद्रेयचा धाकटा भाऊ मातुश आत गेला. आत काळी हवा साचलेली, दिवाही विझवते आणि माणूसही. सापडला तेव्हा लाकडांच्या ढिगावर बसलेला, हातात अर्धा पाव तसाच. चौकशीत प्रिचर्ड म्हणाला, "मी आत जाऊन आलो होतो. तारीख बघा की!" झालं, मिटलं. त्या बोगद्यात तर बारा महिने घोटाभर पाणी, आणि त्या दिवशी प्रिचर्डचे बूट होते कोरडे ठणठणीत. ओंद्रेयनं बघितलं होतं. पण समुद्र ओलांडून आलेल्या स्लोवाकाचं तोडकंमोडकं इंग्रजी पेनसिल्वेनियात ऐकणार कोण? प्रिचर्ड तर आम्हा सगळ्यांना एकाच नावानं हाक मारायचा, जॉन.

मग ओंद्रेय सैन्यात गेला. फ्रान्समध्ये गोळ्यांच्या माऱ्यातून तिघांना ओढून आणलं, पदक मिळालं, पेपरात फोटो छापून आला. बडे साहेब स्वतः स्टेशनवर हात मिळवायला आले! आता त्याला कामावरून काढायची कुणाची छाती?

"ठोक ना त्याला, ओंद्रो," युराय म्हणाला होता. युराय त्याचा जुना जोडीदार. "कुणी हात लावणार नाही तुला."

"मेलेल्या माणसाचे पाय गारठत नाहीत," ओंद्रेय म्हणाला. "त्यानं रोज त्या पाण्यातून चालायला हवं. ती हवा परत येईल एक दिवस. तो आत असेल, मी बाहेर उभा असेन."

सात आठवडे हेच. रोज खडू, रोज प्रिचर्ड आत, रोज बाहेर आला की ओंद्रेय आधी त्याचे बूट बघायचा.

"पुरे झालं आता, जॉन," प्रिचर्ड एकदा म्हणाला.

"बूट दाखवा, साहेब."

मग एका गुरुवारी प्रिचर्ड आत गेला आणि आलाच नाही. पाच मिनिटं, दहा मिनिटं. आम्ही आत डोकावलो तर त्याचा दिवाच दिसेना.

सगळ्यांचे डोळे ओंद्रेयकडे. तो खांबासारखा उभा, मुठीत खडू.

"हलू नकोस," युराय कुजबुजला. "काही करू नकोस. नुसता उभा राहा."

ओंद्रेय उभा राहिला. किती वेळ ते देवालाच ठाऊक, मला तरी फार वाटला. मग त्यानं पदक काढून युरायच्या हातात दिलं, मफलर पाण्यात बुडवून तोंडाला बांधला आणि आत शिरला.

"गाढवा!" युराय ओरडला. "गाढवा, मातुश आठव!"

बाहेर आला तो पाठमोरा, प्रिचर्डला काखेत धरून ओढत. प्रिचर्ड खोकला, ओकला, मग डोळे उघडले. ओंद्रेयनं त्याला खांबाशी टेकवलं आणि खडू त्याच्या बोटांत खुपसला.

"लिहा."

"आज... आज तारीख नाही घालता येणार."

"आजची कोण म्हणतंय?"

खांबावर, इतर तारखांच्या खाली, नऊ मार्च अजून पुसट दिसत होतं. प्रिचर्डनं तिकडं बघितलं. आम्ही चाळीस जण त्याच्याकडं बघत होतो. त्यानं त्या तारखेवरून आडवी रेघ ओढली. इतकी दाबून, की खडू तुटला.

युरायनं पदक पुढं केलं. ओंद्रेयनं ते घेतलं नाही. त्यानं खिशात हात घातला आणि खडूचा नवा तुकडा काढला.

"उद्या सकाळी, साहेब," तो म्हणाला.