उंबरठ्याबाहेर गेलेलं बोलणं

जून महिन्यात उत्तरेकडच्या त्या रशियन खेड्यात सूर्य मावळायचं नावच घेत नाही. दुधाळ, मंद, निद्राहीन प्रकाश नदीच्या विस्तीर्ण पात्रावर पसरून असतो. शुभ्रवल्कल भूर्जवृक्षांच्या रांगा त्या प्रकाशात निथळत उभ्या असतात, आणि शनिवारी दुपार कलली की काठावरच्या लाकडी न्हाणीघरातून धूर निघू लागतो. आधी बायकांची पाळी, मग पुरुषांची.

आत काळवंडलेल्या भिंती, तापलेले दगड, दगडांवर सपकन पडणारं पाणी. आणि मग ती वाफ! शुभ्रा, सर्वव्यापिनी, लज्जाहारिणी वाफ. तिच्यात म्हातारी कोण नि तरुणी कोण, ओळखू येत नाही. भूर्जपानांच्या ओल्या जुड्यांनी बायका एकमेकींच्या पाठी झोडपतात, आणि अंग सैलावलं की जीभही सैलावते. कायदा एकच, पणज्यांच्या काळापासूनचा: इथलं बोलणं उंबरठ्याबाहेर न्यायचं नाही. देवासमोर घेतलेल्या शपथा मोडल्या असतील कुणीकुणी, पण हा कायदा कुणी मोडला नव्हता.

तो मोडला अग्नियानं. याच गावची पोर. शहरात गेली, लेखिका झाली, बायकांच्या आयुष्यांवर कथा लिहू लागली. लिही बाई, खुशाल लिही! पण निदान विचारावं तरी! तिनं आपल्या बालमैत्रिणीची, तायसियाची कथा लिहिली. तायसियाचा नवरा प्रोखोर यानं सरपणाच्या ओंडक्यानं तिचं गळ्याखालचं हाड मोडलं होतं. बर्फावरून घसरले, असं तिनं गावाला सांगितलं. खरं काय ते फक्त वाफेत सांगितलं होतं, आणि त्या शनिवारी गावी आलेली अग्नियाही बाकावर होती.

अग्नियानं कथेत तिचं नाव बदललं, तांबूस केस काळे केले, गाव दुसऱ्याच नदीवर नेऊन बसवलं. आणि एवढं करून एक वेडेपणा केलाच. कथेतली बाई भूर्जपानांच्या जुडीत रानपुदिन्याची डहाळी बांधते, असं लिहून गेली. अख्ख्या पंचक्रोशीत तशी जुडी बांधणारी एकटी तायसिया. झालं! पुस्तक गावात आलं, हातोहात फिरलं, आणि कळायचं ते सगळ्यांना कळलं.

प्रोखोरनं शहरात निरोप धाडला. शनिवारी ये, आणि ही सगळी थाप आहे असं चारचौघांत सांग. नाहीतर मी तायसियाच्या तोंडून वदवून घेईन. कसं वदवून घेईन, ते त्यानं सांगितलं नाही. सांगायची गरज नव्हती.

अग्निया आली. न्हाणीघरात शिरली, तर बाकावर कुणी सरकून जागा दिली नाही. झोडपणाऱ्या जुड्या थांबल्या. पाण्याचे थेंब तेवढे टपटपत राहिले, जड, उष्ण, अबोल. म्हाताऱ्या पेलागेयानं तिला यथेच्छ सुनावलं. आम्ही तुला आमची उघडी पाठ दाखवली, आणि तू ती बाजारात मांडलीस, असं म्हणाली. शरमेनं अग्नियाचा जीव अर्धा झाला होता.

“तायसिया,” शेवटी ती म्हणाली, “तू म्हणशील तर मी आत्ता बाहेर जाते. सांगते, सगळं खोटं आहे म्हणून.”

वाफेच्या पडद्याआड तायसिया बसली होती. ताम्रकेशा, विशालस्कंधा, मौनव्रता तायसिया. वेडंवाकडं जुळलेलं हाड डाव्या बाजूला वर आलेलं, कातडीखाली अडकलेल्या काटकीसारखं. तिला भीती वाटत होती, भयंकर वाटत होती. आणि भीतीच्याही खाली, निखाऱ्यावर निखारा चढावा तसा राग चढत होता. प्रोखोरवर होताच. अग्नियावरही होता.

“खोटं मी सांगत आलेय, इतके हिवाळे,” ती म्हणाली. “त्यात आता तुझी भर कशाला? आणि ऐक, तुला मी माफ केलेलं नाही. ते आपण नंतर बघू.”

अंगाला चादर गुंडाळून ती उठली. कुणी अडवायच्या आत तिनं दार ढकललं.

बाहेर पालथ्या घातलेल्या होड्यांवर पुरुषमंडळी पाळीची वाट बघत बसली होती, खांद्यांवर पंचे टाकून. मधोमध प्रोखोर. बायकोला पाहून तो उठला.

“तू नाही. तिला पाठव,” तो म्हणाला.

“मी घसरले नव्हते,” तायसिया म्हणाली. आवाज कापत होता, तरी शेवटच्या होडीपर्यंत पोचला. “तू मारलंस.”

प्रोखोरनं आजूबाजूला पाहिलं. कुणी नदीकडे बघत होतं, कुणी स्वतःच्या पायांकडे. त्याच्या बाजूनं बोलायला एकही तोंड उघडलं नाही. तो एक पाऊल पुढे आला, तोच तायसियाच्या मागून वाफेचा लोट बाहेर पडला, आणि लोटातून पेलागेया. तिच्यामागून दुसरी, तिसरी, सगळ्याच. ओल्या केसांच्या, लाल गालांच्या, चादरी सावरणाऱ्या, अनवाणी. सर्वांत शेवटी अग्निया. तायसियाचं सामान आजच हलेल आणि आणायला आम्ही सगळ्या येऊ, एवढंच पेलागेयानं प्रोखोरला ऐकवलं.

वाऱ्यानं तायसियाची चादर खांद्यावरून घसरली. ते हाड, ते वाकडं, उंच, अभिमानी हाड, उन्हात आलं. सगळ्या गावानं ते पाहिलं. आणि तायसियानं, सावकाश श्वास घेत, ते तसंच उघडं राहू दिलं.