साखळीतली चाकं

ओनोरे देलपीचे पुढचे दोन दात हलत होते. कॉर्नेटची पितळी तुतारी ओठांना लावली की डोळ्यांपुढे काजवे चमकायचे. तरी तो रविवारी गाडीवर चढला. चढला नसता तर बँड दुसऱ्याच्या हाती गेला असता, आणि पलटणीच्या बँडमधून सुटल्यापासून तेवढाच त्याचा होता.

आमच्या न्यू ऑर्लिन्समध्ये नाचाची जाहिरात करत बँड असे खेचरांच्या गाड्यांतून हिंडतात. कोपऱ्यावर टोब विक्लिफच्या बँडची गाडी समोर आली. दोन बँड भिडले की लोक गाड्यांची चाकं साखळीने एकमेकांना बांधतात, हरणाऱ्याला पळता येऊ नये म्हणून. लोकांना म्हणे संगीत आवडतं. खोटं. लोकांना हरणारा आवडतो.

ओनोरेने पलटणीचा मार्च, कवायतीची धून, वाजवला, स्वरलिपीच्या कागदावर होता तसा. टोबला कागद वाचता येत नव्हता. ओनोरेच्या मिरवणुकांमागे नाचत फिरून त्याने सगळे मार्च कानाने उचललेले. त्याने तोच मार्च घेतला आणि मोडला. ताल लंगडत चालवला, सूर मुद्दाम उशिरा टाकले, क्लॅरिनेटवाल्याला मोकाट सोडलं. रस्ता नाचायला लागला.

"हे वाजवणं नाही, ही ओकारी आहे," ओनोरे म्हणाला.

"तुमच्याच ताटातलं खाल्लंय, प्रोफेसर," टोब म्हणाला.

ओनोरे वरचा सूर घ्यायला गेला आणि दात पडला. रक्त हनुवटीवर आलं. त्याने साखळी काढा म्हणून हात केला. एक मासळीवाली म्हणाली, अजून एक दात शिल्लक आहे की. लोक खिदळले.

मग टोबच्या ढोलकऱ्याने ढोलाच्या तारांखाली रुमाल खोचला. प्रेत नेताना आमच्याकडे ढोल असा दबका करतात. टोबने दफनाची संथ धून धरली, आणि तीही सरळ, एकही सूर न मोडता, हुबेहूब ओनोरेसारखी. लोकांनी टोप्या काढल्या. ओनोरे जिवंत, समोर उभा.

पुरून झालं की रुमाल काढतात आणि नाचत परततात. रुमाल निघाला. ओनोरेच्या ढोलावर त्याचा सख्खा पुतण्या होता, अल्सीद. त्याने काकाकडे पाहिलं नाही. टोबच्या तालात ढोल बडवला आणि तो घेऊन पलीकडच्या गाडीत उडी मारली. उरलेला बँड त्याच्यामागे.

लोकांनी साखळी सोडली. टोबची गाडी निघाली, रस्ता तिच्यामागे नाचत. ओनोरेने लगाम खेचला, पण खेचर जन्मभर अल्सीदच्या ढोलावर चाललेलं. ते वळलं आणि ओनोरेला घेऊन त्या गर्दीच्या शेपटाला लागलं.