अजातशत्रूचा अर्थ

सक्करदऱ्याच्या आमच्या वस्तीत कोणाकडे लेकरू झालं का लोक आधी माह्याकडं येत, मग पेढे वाटत. खोटं नाही सांगत. बुद्धाची दीक्षा घेतल्यावर जुनी नावं कोणालेच नको होती, अन् दोन बुकं शिकलेली, शाळेत शिकवणारी बाई वस्तीत मी एकटीच. शामलाबाई, नाव सांगा. शामलाबाई, अर्थ सांगा. मीही मोठ्या तोऱ्यात सांगायची.

एकोणसाठ साली मिलमधला धोंडबा आला. काटोलकडच्या त्याच्या गावात आमच्या लोकायच्या पोरायची नावं पाटील ठेवत असे. म्हणे, "बाई, पाटलानं मले धोंडा करून ठेवलं. माह्या पोराले असं नाव द्या का ऐकणारा उठून उभा राह्यला पाह्यजे." मी म्हटलं, "अजातशत्रू ठेव गा. ज्याचा शत्रूच जन्मला नाही, तो. मगधचा राजा होता." धोंडबानं ते नाव कधी तोडून म्हटलं नाही. नळावरून हाक मारायची तरी पूर्णच. बायका हसत. तो म्हणे, "हासा, हासा."

पोरगा पाच वर्षांचा झाला तेव्हा विहाराच्या कमिटीनं नावांची चोपडी छापायचं काढलं. नाव, त्याचा अर्थ, अन् ते कुठून आलं ते. तपासायचं काम माह्या गळ्यात. भंतेजींनी एक जाडजूड ग्रंथ दिला. उन्हाळ्याची सुट्टी सारी त्याच्यात गेली, एकेक नाव ताडून पाहत होते. अजातशत्रूवर आले अन् ते पान दोनदा वाचलं. यानं तं बापाले कैदेत टाकलं होतं. अन्न बंद करून उपाशी मारलं होतं. पुढं पस्तावला, बुद्धाले शरण गेला, तेही होतं. पण बाप तं गेलाच होता न! अर्थ मी बरोबर सांगितला होता. बाकीचं पाहायची तसदीच घेतली नव्हती.

दुसऱ्याच आठवड्यात पोराचं नाव शाळेत घालायचं होतं. रजिस्टरवर चढायच्या आधी सांगणं भाग होतं. मी धोंडबाकडं गेले. तो नवी पाटी घेऊन पोराले त्याचंच नाव गिरवायले लावून राहिला होता. स्वतःले अक्षर येत नव्हतं, शेजाऱ्याकडून लिहून आणलेलं. "पाहा न बाई, केवढं नाव! पाटीत मावून नाही राहिलं."  मी चहा पिऊन तशीच परत आले. चोपडीत लिहिलं, मगधचा राजा. त्यात खोटं काय होतं? असं मीच मले विचारलं, अन् माहाच मले राग आला.

चोपडी घरोघरी गेली. त्या साली वस्तीत आणखी दोघांनी पोरांची नावं अजातशत्रू ठेवली. नामकरणाचं बोलावणं आलं, तं मी डोकं दुखते सांगून घरीच बसले.

एकोणसत्तरच्या दिवाळीआधी धोंडबा गेला. घशाचा आजार होता, चार महिने अंथरुणाले खिळला होता. त्यानंतर महिन्याभरानं अजातशत्रू माह्या दारात उभा. खांद्याले दप्तर, शर्टाच्या बटना तुटलेल्या. इतिहासाच्या तासाले मास्तरांनी मगधाचा धडा घेतला होता. मधल्या सुट्टीत पोट्ट्यांनी त्याले घेरलं. "बापाले उपाशी मारलं बे यानं!"

"बाई, तुमाले मालूम होतं?" त्यानं विचारलं.

"होतं," मी म्हटलं. पाच वर्षांत पहिल्यांदा खरं बोलले. "चुकलं बेटा माहं. लय चुकलं. पण ऐक, तो राजा पुढं..."

त्यानं पुढचं ऐकलंच नाही. रडत रडत तोच मले पटवून सांगत होता, "मी पेज देत होतो, बाई. रोज देत होतो, चमच्यानं. बाबाच गिळत नव्हते."